कोल्हापूरच्या कसबा बावड्यातलं वकील ऑफिस, समरी दावा आणि दादाला मिळालेली कंडिशनल लीव्ह (अटीवर लढायची परवानगी) : माझा रिव्ह्यू (5 पैकी 4)

रेटिंग आधीच सांगून टाकते, 5 पैकी 4. एक स्टार का कापला ते पुढं येईलच. ऑफिसचं नाव टाकत नाहीये, त्याचं कारण वकीलसाहेबांनीच नको म्हणून सांगितलं, बार कौन्सिलच्या नियम 36 प्रमाणे वकिलांना जाहिरात करता येत नाही आणि उगंच कुणाला वाटायला नको की त्यांनीच लिहून घेतलंय. पण त्यांनी काम कसं केलं ते सविस्तर लिहिते, म्हणजे तुमच्यावर अशी वेळ आली तर तुम्ही ज्या कुठल्या वकिलाकडं जाल त्यांच्याकडून एवढं तरी मागून घेता येईल. कारण समरी दावा हा प्रकार लोकांना माहीतच नसतो आणि कळेपर्यंत मुदत निघून गेलेली असते.

माझ्या थोरल्या भावाचं, दादाचं, मंगळवार पेठेत घर आहे आणि तो शिवाजी उद्यमनगरात लेथवर काम करतो. घराच्या वरच्या मजल्याच्या स्लॅबला पैसे कमी पडले म्हणून त्यानं एका ओळखीच्या माणसाकडून 6 लाख घेतले, हातउसने म्हणूनच, पण समोरच्यानं प्रॉमिसरी नोट (पैसे परत देईन अशी सही केलेली लेखी हमी) करून घेतली, रेव्हेन्यू स्टॅम्पवर सही वगैरे. नंतर त्यातले अडीच लाख दादानं बँकेतून ट्रान्सफर केले, दोन लाख रोख दिले, आणि दीड लाख राहिले होते ते दिवाळीनंतर देतो म्हणून व्हॉट्सअ‍ॅपवर बोलणं झालेलं. मग दोघांचं कशावरून तरी बिनसलं आणि एक दिवस कोर्टाचा बेलिफ घरी समन्स घेऊन आला. दावा पूर्ण 6 लाखांचा, वर 24 टक्के व्याज. मधे दिलेल्या पैशाचा एका ओळीचाही उल्लेख नाही. वहिनीनं ते कागद बघूनच रडायला सुरुवात केली.

आता हा समरी दावा म्हणजे काय ते सांगते, मला जसं समजलं तसं. दिवाणी प्रक्रिया संहिता 1908 मधली ऑर्डर 37. हुंडी, बिल ऑफ एक्स्चेंज, प्रॉमिसरी नोट, लेखी करारातली ठराविक रक्कम, जामीनपत्र अशा गोष्टींवरून वसुली करायची असेल तर वादी हा मार्ग घेऊ शकतो. नेहमीच्या दाव्यात समन्स आलं की तुम्ही लेखी कैफियत, म्हणजे दाव्याला लेखी उत्तर, देता, त्याला 30 दिवस असतात, पुढं कोर्ट वाढवून देऊ शकतं, आणि बचाव करणं हा तुमचा हक्कच असतो. इथं तसं नाही. इथं बचाव करायचा असेल तर कोर्टाची परवानगी लागते, तिलाच लीव्ह टू डिफेंड म्हणतात. समन्स मिळाल्यापासून 10 दिवसांत आधी हजेरी लावायची, पत्ता नोंदवायचा आणि वादीच्या वकिलाला तसं कळवायचं. मग वादी दुसरं समन्स काढतो, समन्स फॉर जजमेंट, ते मिळालं की परत 10 दिवसांत शपथपत्र देऊन सांगायचं की माझ्याकडं हा हा बचाव आहे, मला लढायची परवानगी द्या. पहिले 10 दिवस चुकले तर दाव्यात जे लिहिलंय ते तुम्ही कबूल केलं असं धरलं जातं आणि वादीला हुकूमनामा, म्हणजे वसुलीचा कोर्टाचा निकाल, मिळू शकतो. योग्य कारण असेल तर उशीर माफ करायची सोय आहे, पण त्या सोयीवर अवलंबून राहणं म्हणजे स्वतःहून अडचणीत जाणं.

आम्ही आधी दुसऱ्या एका वकिलाकडं गेलो होतो, नातेवाइकांच्या ओळखीतले. त्यांनी समन्स नीट उघडूनसुद्धा बघितलं नाही. म्हणाले काही होत नाही, तारखा पडत राहतील, चार वर्षं तर सहज जातील, वकीलपत्रावर सही करा आणि घरी जा. वर सल्ला काय, तर सही माझी नाहीच म्हणून लिहू, आणि समोरचा बेकायदा सावकार आहे असंही लिहून टाकू. दादा तिथंच म्हणाला, "साहेब, सही तर माझीच हाय की, मी नाही कसं म्हणू." त्यावर ते हसले. मला त्या हसण्याचा फार राग आला, कारण दादा आयुष्यभर एका शब्दावर माल बनवून देणारा माणूस आहे आणि त्याला खोटं शपथपत्र करायला सांगितलं जात होतं ते पण असं सहज, चहा पिता पिता.

मी स्वतः दुकानदारांचे हिशोब आणि जीएसटी रिटर्न बघते त्यामुळं कागदावरची तारीख बघायची सवय आहे. समन्सवर 10 दिवस असं स्पष्ट लिहिलेलं होतं. म्हणून मैत्रिणीच्या सांगण्यावरून त्याच आठवड्यात कसबा बावड्यात, न्यायसंकुलापासून जवळच असलेल्या या ऑफिसला गेलो.

पहिल्या भेटीत वकीलसाहेबांनी अर्धा तास कायद्याचं काहीच सांगितलं नाही. आधी समन्सचा लिफाफा मागितला, बेलिफनं कुठल्या तारखेला दिला, सही कुणी केली, ते डायरीत लिहून घेतलं आणि ज्युनिअरला सांगितलं की हजेरीची पुरशिस (कोर्टाला लेखी कळवायचा कागद) उद्याच दाखल करायची. मग दाव्याची प्रत शेवटच्या पानापर्यंत वाचली, आमच्यासमोर. नोटेची तारीख बघितली, कारण मागता क्षणी देय असलेल्या प्रॉमिसरी नोटेवर नोटेच्या तारखेपासून 3 वर्षांत दावा लावावा लागतो, तो मुदतीत होता. स्टॅम्प बघितला, तोही नीट होता. म्हणाले, "ताई, हे दोन मुद्दे आपल्याला मिळत नाहीत, ते डोक्यातून काढून टाका." मला हे आवडलं. नाहीतर वकील आधी आशा दाखवतात आणि मग फी सांगतात.

मग दादाला प्रश्न सुरू झाले. कधी घेतले, किती, कशासाठी, कधी किती दिले, कुणाच्या समोर दिले, रोख दिले तर ते पैसे आले कुठून. शेवटचा प्रश्न सगळ्यात महत्त्वाचा निघाला. दादानं दोन लाख रोख दिलेले ते वहिनीची भिशी आणि गावाकडची म्हैस विकून आलेले पैसे होते, म्हशीचे पैसे गडहिंग्लजच्या बाजारातून आलेले, त्याची पावती काकांकडं सापडली. वकीलसाहेब म्हणाले ही पावती म्हणजे रोख दिल्याचा पुरावा होत नाही, पण त्या आठवड्यात तुमच्या हातात तेवढी रक्कम होती एवढं तरी त्यातून दिसतंय, आणि पुढच्याच दिवशीचा समोरच्याचा "मिळाले, बाकीचं बघू" असा मेसेज आहे, तो शेजारी ठेवला की गोष्टीला वजन येतं. दादानं मेसेज डिलीट केले नव्हते हे नशीब.

सावकारीचा मुद्दा मी स्वतःच काढला, कारण आधीच्या वकिलांनी डोक्यात घातलेलं. महाराष्ट्र सावकारी (नियमन) अधिनियम 2014 मध्ये खरंच तशी तरतूद आहे, परवाना नसलेल्या सावकाराला कोर्ट वसुलीचा हुकूमनामा देत नाही. पण त्यासाठी तो माणूस व्याजानं पैसे द्यायचा धंदा करतो हे दिसायला लागतं. एका ओळखीच्या माणसाला एकदा दिलेले पैसे म्हणजे धंदा होत नाही. "त्यानं आणखी कुणाला दिलेत का, तुमच्याकडं दोन-चार नावं आहेत का?" असं त्यांनी विचारलं, आमच्याकडं एकही नव्हतं, तर म्हणाले मग हा मुद्दा आपण घेणार नाही. मी म्हटलं लिहायला काय जातंय, असूदे की एक मुद्दा. त्यावर त्यांनी जे सांगितलं त्यासाठी मी हा सगळा रिव्ह्यू लिहितेय. म्हणाले, लीव्ह देताना जज फक्त बचाव आहे का एवढंच बघत नाहीत, बचाव मनापासूनचा आहे का हे बघतात. दहा मुद्दे लिहिले आणि त्यातले सात पोकळ निघाले तर उरलेल्या तीन खऱ्या मुद्द्यांवरही शंका येते, आणि शंका आली की अट पडते. शंका जेवढी मोठी तेवढी अट मोठी.

हे पुढं त्यांनी नीट समजावून सांगितलं, कागदावर आकृती काढून. सुप्रीम कोर्टाचा 1976 चा मेकेलेक इंजिनिअर्सचा निकाल, त्यातली तत्त्वं बरीच वर्षं चालली. मग 15 नोव्हेंबर 2016 ला आयडीबीआय ट्रस्टीशिप विरुद्ध हबटाऊन या प्रकरणात सुप्रीम कोर्टानं ऑर्डर 37 मधली 1976 ची दुरुस्ती लक्षात घेऊन ती तत्त्वं नव्यानं मांडली. सोप्या भाषेत सांगायचं तर असं. बचाव भक्कम असेल, वादी दावा हरण्यासारखा असेल तर विनाअट परवानगी. बचाव भक्कम नाही पण चौकशी करण्यासारखे खरे मुद्दे दिसतायत, तरी साधारणपणे विनाअटच. मुद्दे दिसतायत पण जजच्या मनात त्यांच्या खरेपणाबद्दल शंका राहिलीय, तर अट घालून परवानगी, म्हणजे पैसे कोर्टात भरा किंवा सिक्युरिटी द्या, किंवा दावा ठराविक वेळात चालवा अशी अट. बचाव शक्य आहे पण पटण्यासारखा नाही, तर अट आणखी कडक, अगदी पूर्ण मुद्दल व्याजासकट भरायला सांगू शकतात. आणि बचावच नाही, नुसता वेळकाढूपणा आहे, तर परवानगी नाही आणि वादीला लगेच हुकूमनामा. शिवाय जेवढी रक्कम तुम्ही स्वतः कबूल करता तेवढी भरल्याशिवाय लीव्ह मिळतच नाही, हे तर कायद्यातच लिहिलंय. 2022 ला बी. एल. कश्यप प्रकरणात परत सांगितलं गेलं की परवानगी देणं हा नियम आहे आणि नाकारणं हा अपवाद.

आता आमची केस यात कुठं बसते ते त्यांनी तीन तुकडे करून दाखवलं. बँकेतून गेलेले अडीच लाख, तो मुद्दा पक्का, तिथं अट पडायला नको. रोख दिलेले दोन लाख, खरं असलं तरी पावती नाही, तिथं जजना शंका येणारच, अट धरून चला. आणि दीड लाख बाकी आहेत हे दादा स्वतः मान्य करतो, ते भरावेच लागतील. म्हणजे वाईटात वाईट धरलं तरी साडेतीन लाखांची तयारी आत्तापासून करा असं त्यांनी पहिल्याच आठवड्यात सांगितलं. व्याजासकट सगळे भरायचा हुकूम होऊ नये म्हणून मी भांडेन, पण मिळेलच असं लिहून देत नाही, हे पण स्पष्ट सांगितलं. दादानं दीड लाख कबूल करूया की नको असं विचारलं तेव्हा म्हणाले, व्हॉट्सअ‍ॅपवर तुम्ही लिहिलंय, समोरच्याकडं पण ते आहे, आणि खरं पण आहे, मग लपवून काय मिळणार. शपथपत्रात तिसऱ्याच परिच्छेदात दीड लाख बाकी असल्याचं स्वच्छ लिहिलं. मला त्या वेळी भीती वाटली होती, खरंच वाटली होती, कारण कोर्टात कबूल म्हटलं की संपलं असं आपल्या डोक्यात असतं.

व्याजाचा मुद्दा सगळ्यात भारी हाताळला. दादानं सही केली त्या दिवशी नोटेचा मोबाईलवर फोटो काढून वहिनीला पाठवला होता आणि त्या फोटोत व्याजाची जागा कोरी होती, दाव्याला जोडलेल्या नोटेत तिथं 24 टक्के लिहिलेलं, वेगळ्या शाईत. हे ज्युनिअर मॅडमनी पकडलं, दोन्ही कागद शेजारी ठेवून. तरी वकीलसाहेबांनी आम्हाला उड्या मारू दिल्या नाहीत, म्हणाले 24 गेलं तरी व्याज शून्य होईल असं समजू नका, नोटेवर दर लिहिलेला नसेल तर निगोशिएबल इन्स्ट्रुमेंट्स अ‍ॅक्टच्या कलम 80 मध्ये 18 टक्के आहे, आणि सही असलेली अपुरी नोट भरायचा अधिकार असतो असं समोरचे वकील कलम 20 दाखवून म्हणतील. पण सही झाल्यावर खाडाखोड किंवा भर घातली का, हा चौकशीचा मुद्दा तर नक्की होतो, आणि वादी सगळं खरं सांगत नाहीये हे जजच्या लक्षात येतं.

व्हॉट्सअ‍ॅपचे स्क्रीनशॉट नुसते प्रिंट काढून चालत नाहीत हे पण मला तिथंच कळलं. भारतीय साक्ष अधिनियम 1 जुलै 2024 पासून लागू झाला, त्याच्या कलम 63 प्रमाणे सर्टिफिकेट लागतं, एक भाग फोन ज्याचा आहे त्यानं भरायचा आणि दुसरा तज्ज्ञानं, त्यात हॅश व्हॅल्यू (फाईल बदललेली नाही हे दाखवणारा आकडा) पण लिहायची. लीव्हच्या टप्प्यावर इतकं काटेकोर कुणी बघेल न बघेल, पण त्यांनी आत्ताच करून घेतलं, पुढं साक्षीपुराव्याला परत धावपळ नको म्हणून. बँकेच्या स्टेटमेंटवर पण साधा शिक्का चालणार नाही, बँकर्स बुक्स कायद्याप्रमाणे लागणारं सर्टिफिकेट घेऊन या म्हणून परत पाठवलं. बँकेतल्या माणसाला ते काय असतं हेच माहीत नव्हतं, मॅडमनी नमुना टाईप करून दिला तेव्हा काम झालं.

सुनावणीच्या दिवशी वादीच्या वकिलांचं म्हणणं होतं की बँकेतले अडीच लाख हे दुसऱ्याच व्यवहाराचे आहेत आणि रोख वगैरे सगळी बनावट गोष्ट, पूर्ण रक्कम व्याजासकट भरायला लावा. आमच्या साहेबांनी फार वेळ घेतला नाही. दुसरा व्यवहार कुठला, त्याचा एक तरी कागद दाखवा एवढं विचारलं, मग फोटो दाखवला, मग म्हैस विक्रीची पावती आणि मेसेज, आणि शेवटी दादाची परिस्थिती, महिन्याची कमाई, घरात कोण कोण, की इतकी मोठी अट घातली जी पाळताच येणार नाही तर परवानगी दिली काय आणि नाकारली काय सारखंच. हबटाऊनच्या निकालातच आहे की अट गरजेपेक्षा कडक नसावी. ते वाक्य त्यांनी वाचून दाखवलं.

ऑर्डर झाली, कंडिशनल लीव्ह. दीड लाख कोर्टात जमा करायचे आणि दोन लाखांची राष्ट्रीयीकृत बँकेची बँक गॅरंटी द्यायची, सहा आठवड्यांत. व्याजावर काही भरायचं नाही, कारण नोटेतल्या फरकाचा मुद्दा चौकशीचा आहे असं ऑर्डरमध्ये लिहिलं. म्हणजे पहिल्या आठवड्यात कागदावर काढलेली आकृती जशीच्या तशी उतरली. फक्त दोन लाख रोखीऐवजी गॅरंटी हे त्यांनी मागून मिळवलं आणि त्याचा फायदा असा की पैसे वहिनीच्या एफडीतच राहिले, बँकेनं त्या एफडीवर गॅरंटी दिली, व्याज चालू आहे. फक्त गॅरंटीची मुदत संपायच्या आत वाढवून घ्यायची हे लक्षात ठेवायला लागतं, ती तारीख मी माझ्या फोनमध्ये आणि ऑफिसच्या डायरीत दोन्हीकडं टाकलीय.

घरात मात्र ऑर्डर ऐकल्यावर वातावरण असं की आपण हरलो. मामा म्हणाले, पैसे भरायला लावले म्हणजे कोर्टानं तुमचं खोटं ठरवलं, हायकोर्टात जावा. आता हायकोर्ट काय लांब नाही, 18 ऑगस्ट 2025 पासून सर्किट बेंच कोल्हापुरातच सुरू झालंय, सीपीआर हॉस्पिटलसमोर जुन्या कोर्टाच्या इमारतीत, त्यासाठी इथल्या वकिलांनी आणि लोकांनी चाळीसपेक्षा जास्त वर्षं लढा दिला आणि मला त्याचा खरंच अभिमान आहे, आधी असल्या एका अर्जासाठी मुंबईची गाडी पकडायला लागायची. वकीलसाहेबांना मी सरळ विचारलं. कंडिशनल लीव्हच्या ऑर्डरवर नेहमीचं अपील नसतं, घटनेच्या कलम 227 खाली रिट करायला लागतं, आणि नुसतं रिट दाखल केलं म्हणून सहा आठवड्यांचं घड्याळ थांबत नाही, स्टे मिळाला तरच थांबतं. त्यांचं स्पष्ट मत, की अट वाजवी आहे, दीड लाख तर कायद्यानंच भरायला लागणार होते, रिटमध्ये फी जाईल आणि वेळ जाईल आणि इकडं मुदत संपली तर हुकूमनामा होईल. रिट केलं असतं तर फी त्यांनाच मिळाली असती. तरी नको म्हणाले. 5 पैकी 4 मधले दोन स्टार या एका सल्ल्याचे समजा.

अट आली म्हणजे हरलो असं नाही हे मला इथं जोरात सांगायचंय, कारण लोक यातच खचतात आणि मिळेल त्या रकमेला तडजोड करून मोकळे होतात. कोर्टात भरलेले पैसे वादीच्या खिशात गेलेले नसतात, ते जमा असतात, दाव्याच्या निकालावर ठरतं कुणाला मिळणार. वादी काढून घ्यायचा अर्ज करू शकतो, तेव्हा तुमच्या वकिलानं जागं राहायला पाहिजे, आमच्या प्रकरणात ती रक्कम एफडीत ठेवायचा हुकूम साहेबांनी त्याच दिवशी मागून घेतला. आणि अट पूर्ण झाली की दावा नेहमीच्या दाव्यासारखा चालतो, कैफियत, मुद्दे, पुरावा, उलटतपास, सगळं. तो माणूस आता पिंजऱ्यात उभा राहून अडीच लाख कशाचे ते सांगेल. हेच तर पाहिजे होतं आम्हाला.

पण अट पाळली नाही तर मात्र वादीला तिथल्या तिथं हुकूमनामा, पुढं दरखास्त (हुकूमनाम्याच्या वसुलीचा अर्ज), जप्ती. त्यामुळं शेवटच्या दिवसाची वाट बघू नका. खरंच अडचण आली तर मुदत संपायच्या आधी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 148 खाली मुदतवाढीचा अर्ज करता येतो, पण ती सुद्धा थोडीच. आम्ही चौथ्या आठवड्यातच कोर्टाच्या नाझर ऑफिसला, म्हणजे पैसे जमा करून घेतात तिथं, पैसे भरले. इथं ऑफिसच्या क्लार्क काकांचं नाव घ्यायला हवं होतं, पण तेही नको म्हणाले, तर नुसतं काका म्हणते. चलन कुठं, कुठल्या खिडकीला, कुणाची सही आधी, सगळं त्यांना पाठ. पावती मिळाल्या मिळाल्या पुरशिस टाईप करून पावतीची झेरॉक्स जोडून दाखल केली आणि कोर्टाच्या रोजनाम्यात अट पूर्ण केल्याची नोंद झाली का ते दुसऱ्या दिवशी परत जाऊन बघून आले. असला माणूस ऑफिसात असणं म्हणजे अर्धी चिंता कमी.

एक गोष्ट दुसऱ्या बाजूनं पण लिहायला पाहिजे. ज्यांचे पैसे अडकलेत त्यांच्यासाठी हीच ऑर्डर 37 फार कामाची आहे. मी ज्यांचे हिशोब बघते त्यात लक्ष्मीपुरीतले धान्यवाले आहेत, मार्केट यार्डातले गुळाचे अडत्ये आहेत, उधारी वर्षानुवर्षं अडकते आणि समोरचा निवांत खोट्या कैफियती देत बसतो, अशा लोकांना अटीशिवाय लढू दिलं तर व्यापार करायचा कसा. म्हणून अट घालायची सोय मला चुकीची वाटत नाही, दादाला भरायला लागले तरी. फक्त व्यापारी व्यवहार असेल आणि रक्कम 3 लाख किंवा वर असेल तर तो कमर्शियल दावा होतो, आणि तातडीचा आदेश मागायचा नसेल तर आधी मध्यस्थीला जावंच लागतं, कमर्शियल कोर्ट्स कायद्याचं कलम 12 अ. ते सक्तीचं आहे असं सुप्रीम कोर्टानं ऑगस्ट 2022 मध्ये पाटील ऑटोमेशन प्रकरणात सांगितलंय, ती पायरी गाळली तर दावाच फेटाळला जातो. आमचं कर्ज घरासाठी, दोन ओळखीच्या माणसांतलं, त्यामुळं आम्हाला ते लागलं नाही.

आता एक स्टार का कापला. पहिलं म्हणजे शपथपत्राचा पहिला मसुदा इंग्रजीत होता. दादा दहावी शिकलाय, त्याला वाचून कळेना, आणि ज्यावर सही करून शपथ घ्यायची ते स्वतःला वाचता आलं पाहिजे असं माझं ठाम मत आहे. आपल्याकडं जिल्हा आणि तालुका कोर्टाची भाषा मराठी आहे, मग इंग्रजी कशाला. सांगितल्यावर मराठीत करून दिलं, चांगलं करून दिलं, पण सांगायला लागलं आणि त्यात 10 दिवसांतले काही दिवस गेले. मराठी मसुद्यात पण एका ठिकाणी रक्कम आकड्यात वेगळी आणि अक्षरात वेगळी टाईप झालेली, ती मी पकडली. असल्या शपथपत्रात ही चूक राहिली असती तर केवढं महागात पडलं असतं. मॅडमनी लगेच दुरुस्त केलं आणि माफी पण मागितली, तरी दोनदा तपासून द्यायची पद्धत पाहिजे.

दुसरं, फोन. कोर्टाच्या वेळेत उचलत नाहीत हे समजू शकते, पण मेसेजला उत्तर कधी कधी रात्री उशिरा, कधी दुसऱ्या दिवशी. घरात माणसं जीव मुठीत धरून बसलेली असतात, निदान क्लार्क काकांकडून एक ओळ तरी यावी. तारीख मात्र आपल्याला ई-कोर्ट्स अ‍ॅपवर सीएनआर नंबर (प्रत्येक केसचा वेगळा नंबर) टाकून बघता येते, तो नंबर त्यांनी पहिल्या दिवशीच दिला होता. तिसरं, शनिवारी जाऊ नका, गर्दी फार, बसायला चारच खुर्च्या, जिना उभा आहे आणि लिफ्ट नाही, म्हातारी माणसं असतील तर खालीच थांबवायला लागतं. गाडी लावायला मेन रोडला जागा मिळत नाही, आतल्या गल्लीत लावा.

फी लीव्हच्या ऑर्डरपर्यंत 35 हजार घेतली, तीन टप्प्यांत, हजेरीला, शपथपत्राला आणि सुनावणीला, आणि प्रत्येक वेळी पावती. टायपिंग, नोटरी, नकला यांचा खर्च वेगळा, पण त्याचा पण हिशोब कागदावर दिला. पुढच्या दाव्याची फी वेगळी ठरली. आधीच्या वकिलांनी यापेक्षा कमी सांगितली होती, त्यामुळं स्वस्त आहेत असं मी म्हणणार नाही, पण कुठल्या कामाचे किती हे आधी कळलं त्यामुळं मधेच हात पुढं आला असं कधी झालं नाही.

सध्या दादाची लेखी कैफियत दाखल झालीय, मुद्दे निघायचेत. लोक अदालतीत तडजोड होतेय का बघूया असं साहेबांनी सुचवलंय, दीड लाख आणि त्यावर वाजवी व्याज एवढ्यावर समोरचा आला तर आमची तयारी आहे, नाही आला तर उलटतपासाची तयारी आहे. दादा परत नीट झोपायला लागलाय, लेथवर वेळेवर जातोय.

कुणाला असं समन्स आलं असेल तर संध्याकाळी सहानंतर जा, आधी फोन करून. जाताना समन्सचा लिफाफा सुद्धा न्या, नुसती आतली पानं नको. बँकेचं स्टेटमेंट व्यवहार सुरू झाल्यापासून आजपर्यंतचं काढा, मधलीच पानं नको. ज्या फोनवर मेसेज आहेत तोच फोन न्या, फॉर्मॅट मारू नका, नवीन घेतला असेल तरी जुना विकू नका. रोख दिले असतील तर त्या आठवड्यात पैसे कुठून आले त्याची जी काय चिठ्ठी-चपाटी असेल, भिशीची वही, सोनं मोडल्याची गुजरीतली पावती, काहीही, सगळं पिशवीत भरून न्या. काय कामाचं आणि काय नाही ते तिथं बसून निवडतात, आणि बिनकामाचं असेल तर तोंडावर सांगतात.